लेन बदलताना

अकरा वेळा आमची जोडी लागली,
वीट्स्के रिन्समाची आणि माझी.
तिच्याविषयी मला जे ठाऊक आहे
ते सगळं पाठमोरं:
कमरेत मोडलेली ती लांब पाठ,
पाठीवर झोपवलेला डावा हात,
टोपीतून दर वेळी निसटणारा एकच कान,
थंडीने बिटासारखा लाल.

मी ट्युनसेटची. आमच्याकडे बर्फ सहा महिने हटत नाही,
त्यामुळे त्याचं कौतुकही नाही.
तिच्या फ्रिसलंडमध्ये तो पाहुण्यासारखा येतो,
कधी तीन दिवस, कधी दोन-दोन वर्षं फिरकतच नाही.
गाईंचं दूध काढून झालं की तिचे वडील
लोखंडी टोकाची काठी घेऊन कालव्यावर जायचे,
ठोकायचे, कान द्यायचे.
"भरीव वाजला तर जा,
पोकळ वाजला तर घरी बसून वाटाण्याचं सूप पी."
एवढंच आपलं प्रशिक्षण, ती म्हणायची,
बाकीचं वाऱ्याने शिकवलं.

वर्तमानपत्रं तिला यंत्र म्हणत.
मी पाहिलंय त्या यंत्राला, हॉटेलच्या खोलीत:
दोन्ही पाती शेजारी आवळून मांडीवर,
दगड पुढे-मागे, पुढे-मागे, तासभर,
मग अंगठ्याच्या नखावरून धार ओढायची
आणि पांढरी भुकटी निघाली की
शेजारच्या खाटेवर मला दाखवायची,
पोरीने पडलेला दात दाखवावा तशी.

तीन जगज्जेतेपदं. घोट्याचं एक ऑपरेशन.
पाच हजार मीटरचा एक विक्रम,
तो आठवड्याच्या आत एका जपानी मुलीने मोडला.
"सहा दिवस तरी भाड्याने मिळाला," ती म्हणाली.

इंत्सेल. सातवी वेळ. शेवटून दुसरी फेरी.
मी आतून बाहेर, ती बाहेरून आत,
लेन बदलायच्या पट्टीवर दोघी एकदमच पोचलो.
वाट तिची होती.
नियमच आहे: बाहेरचीने आधी जावं, आतलीने आवरावं.
मला आवरता येत नव्हतं,
उतारावर सुटलेल्या गाड्यासारखे माझे पाय.
बाद होणार, नाहीतर कुंपणात जाणार.
तेवढ्यात
ती पाठ उभी राहिली.
शर्यतीत पहिल्यांदाच तिचा चेहरा पाहिला मी,
अर्धाच, निसटता, आणि तो मागे पडला.

सेकंदाच्या बारा शतांशांनी ते वर्ष तिच्या हातून गेलं.
मी पाचवी आले.

रात्री विचारलं. ती बूट पुसत होती.
"कालव्यावर वारा पाठीशी घेऊन कुणी आलं
तर आपण बाजूला व्हायचं. त्याला थांबता येत नसतं.
बाबा सांगायचे."
मग दिवा मालवला,
आणि दोन दिवस माझ्याशी बोलली नाही.

पुढे बिजागरीची पाती आली.
टाच सुटते, पातं बर्फाला धरून राहतं,
आणि टक्, टक्,
सगळ्या रिंकभर कुणी दारं लावत सुटल्यासारखं.
ती हसली. एक अख्खा हिवाळा हसली
आणि त्या हिवाळ्यात नववी आली.
ऑगस्टमध्ये, एकतिसाव्या वर्षी,
पंधरा वर्षांच्या पोरींसमोर
ती पहिल्यापासून पडायला शिकली.
मी तेव्हा सोडून दिलं होतं.
तिचं कांस्य टीव्हीवर पाहिलं,
नव्या सूटच्या घट्ट टोपीत
तो कान शोधत राहिले.

यंदा फोन आला. "भरीव वाजतोय. ये."
मी गेले, माझा गुडघा घेऊन.
गावातली पोरं स्वयंपाकघरातल्या खुर्च्या ढकलत
बर्फावर उभं राहायला शिकत होती,
त्यांच्या पुढे ती, पाठ तीच, जरा जाड.
मलाही एक खुर्ची मिळाली,
एका पायाने डुगडुगणारी.

दूरवर गेलो असू.
मागून एक मुलगा सुसाट आला,
हात पसरून, ओरडत.
आम्ही दोघी एकदमच बाजूला झालो,
ती डावीकडे,
मी खुर्चीसकट काठच्या लव्हाळ्यात.
तिथून मान वर केली तर
ती वळून परत येत होती,
तोंड माझ्याकडे,
दोन्ही कान लाल.